पॉइंटचा कैवार

माझ्या अँबेसिडरच्या डिस्ट्रिब्युटरमध्ये आता पॉइंट नाहीत आणि कंडेन्सरही नाही. पॉइंटच्या जागी स्क्रूनं आवळलेली एक काळी डबी आहे आणि रोटरखाली चार चुंबकांची चकती फिरते. जुन्या गाड्यांच्या मंडळींत ज्यांनी माझी बडबड ऐकली आहे त्यांना हे वाचून हसू फुटेल. फुटू दे. पॉइंट काढून इलेक्ट्रॉनिक इग्निशन बसवणाऱ्यांना मी वर्षानुवर्षं नावं ठेवली. एका सज्जन गृहस्थांना तर त्यांच्याच ओसरीवर, त्यांचाच चहा पिता पिता, 'मग जुनी गाडी ठेवता कशाला, नवीच घ्या की' असं सुनावलं होतं.

मत फिरलं ते हळूहळू आणि नाखुशीनं. माझे तेव्हाचे मुद्दे बिनबुडाचे नव्हते. त्यातला एकेक मुद्दा मी आजही कुणाशीही वाद घालून टिकवून दाखवीन. पण ते ज्या जमिनीवर उभे होते ती जमीन सरकली, आणि मला ते कळायला फार वेळ लागला.

ज्यांनी डिस्ट्रिब्युटर कधी उघडून पाहिलेला नाही त्यांच्यासाठी आधी थोडं. पेट्रोल इंजिनात प्रत्येक सिलिंडरला नेमक्या क्षणी ठिणगी हवी असते. बॅटरी बारा व्होल्टची, आणि प्लगची फट ओलांडायला हजारो व्होल्ट लागतात. म्हणून कॉइलमधून करंट वाहता ठेवायचा आणि एकदम तोडायचा. तोडण्याच्या त्या झटक्यात कॉइलच्या दुसऱ्या वेटोळ्यात जबरदस्त दाब तयार होतो. तोडण्याचं काम पॉइंटचं, म्हणजे एकमेकांना टेकणाऱ्या दोन छोट्या चकत्यांचं. डिस्ट्रिब्युटरच्या मधोमध फिरणाऱ्या शाफ्टवर चौकोनी कॅम असतो, त्याचा कोपरा पॉइंटच्या टाचेला ढकलतो आणि पॉइंट उघडतात. उघडताना त्यांच्यातच ठिणगी पडून ते जळू नयेत आणि करंट झटकन तुटावा म्हणून बाजूला कंडेन्सर. तयार झालेला करंट मधल्या जाड वायरीतून कॅपमध्ये येतो, कोळशाच्या छोट्या ब्रशमधून रोटरवर उतरतो, आणि रोटर तो चार वायरींना आळीपाळीनं वाटतो. आमच्या इंजिनात हा क्रम १-३-४-२. चार्ल्स केटरिंग नावाच्या अमेरिकन इंजिनियरनं बसवलेली ही पद्धत १९१० च्या कॅडिलॅकमध्ये आली आणि पुढची साठ-सत्तर वर्षं जवळजवळ साऱ्या जगाच्या पेट्रोल गाड्या तिच्यावर धावल्या.

आता जरा आकडे बघा. इंजिन मिनिटाला तीन हजार फेऱ्यांवर असलं की डिस्ट्रिब्युटर त्याच्या निम्म्या, म्हणजे दीड हजार फेऱ्या मारतो. एका फेरीला चार ठिणग्या. म्हणजे पॉइंट सेकंदाला शंभर वेळा उघडतात आणि मिटतात. उघडतात किती? अँबेसिडरच्या १४८९ सीसी इंजिनाला ०.३५ ते ०.४० मिलिमीटर. सगळी करामत एवढ्याशा फटीवर. टाच झिजली की फट कमी होते आणि फट कमी झाली की टायमिंग मागे पडतं. गाडी बंद पडत नाही, फक्त थोडी आळशी होते, चढावर एक गिअर आधी मागते. आमच्याकडे त्याला 'पिकअप गेला' म्हणतात आणि बहुतेक वेळा कार्बोरेटर खोलतात.

माझा कैवार इथूनच सुरू झाला होता. पॉइंट सांगून सवरून बिघडतात, असं मी म्हणत असे. महिनाभर आधी कुरकुर करतात, मिसिंग देतात, सकाळी सेल्फ जास्त खायला लावतात. इलेक्ट्रॉनिक डबी मात्र काल ठणठणीत असते आणि आज मेलेली. पॉइंट रस्त्यात दुरुस्त होतात. पॉलिश पेपरचा तुकडा आणि वहीच्या पुठ्ठ्याची पट्टी एवढ्यावर माणूस घरी येतो. डबी गेली तर ट्रक बोलवा. या युक्तिवादात आजही चूक सापडत नाही.

आणि माझ्याकडे तो सिद्ध करून दाखवणारा माणूस होता. आमच्या कोल्हापुरातले एक ऑटो इलेक्ट्रिशियन. सगळे त्यांना चाचाच म्हणत. दुकान म्हणजे एक पत्र्याची टपरी, आत बॅटरी चार्जर, भिंतीला लोंबणाऱ्या वायरी आणि एक स्टूल. गिऱ्हाइकानं गाडीचा आजार सांगायला सुरुवात केली की ते हातानं थांबवायचे. 'आवो साहेब, तुमी सांगू नगासा. गाडी सांगंल.'

उन्हाळ्यात घाटात गाडी बंद पडणं हा अँबेसिडर आणि फियाट या दोन्ही घराण्यांचा जुना आजार. त्याचं निदान सगळ्यांना पाठ होतं: पंपात पेट्रोलची वाफ झाली. उपायही पाठ: ओलं फडकं पेट्रोल पंपावर टाका, अर्धा तास झाडाखाली बसा. अर्ध्या तासानं गाडी चालू होते आणि फडक्याला श्रेय मिळतं. एकदा गगनबावड्याहून येताना मीही हाच सोपस्कार केला आणि चाचांना अभिमानानं सांगितला. ते म्हणाले, 'कापड पंपावर टाकलासा. पर त्या अर्ध्या तासात कॉइल बी गार झाली, कंडेन्सर बी गार झाला. मग गुण कुणाचा आला?' मी गप्प. 'पेट्रोल येतंय का न्हाई ते प्लगला इचारा की.' म्हणजे प्लग काढून बघायचा. टोक पेट्रोलनं ओलं असेल तर पेट्रोल येतंय, करंट येत नाही. कोरडं असेल तरच पंपाकडे वळायचं. पुढच्या वेळी प्लग ओलाचिंब निघाला. कंडेन्सर तापला की मान टाकत होता.

त्यानंतर मी त्यांच्या स्टुलाशेजारी उभं राहण्याची एकही संधी सोडली नाही. त्यांची एक तपासणी मला फार आवडायची. डिस्ट्रिब्युटरच्या अंगाला एक चपटी डबी असते. कार्बोरेटरकडून येणाऱ्या बारीक नळीतून ती हवेची ओढ घेते आणि पॉइंटची प्लेट किंचित फिरवून टायमिंग पुढे आणते. आतला पडदा फाटला की गाडी पेट्रोल जास्त पिते आणि कुणाला पत्ता लागत नाही. चाचा नळी कार्बोरेटरकडून सोडवायचे, तोंडात धरून हवा ओढायचे आणि टोक जिभेनं बंद करायचे. कॅप काढलेली, नजर प्लेटवर. प्लेट सरकून तिथंच थांबली आणि नळी जिभेला चिकटून राहिली तर पडदा शाबूत. प्लेट हळूच मागे आली तर पडदा गेला. खर्च शून्य, वेळ अर्धा मिनिट. एखादं गिऱ्हाईक बघतच राहायचं, हा बाबा गाडी ओढतोय का काय म्हणून.

आणि एकदा त्यांनी जे शोधलं ते मी तोवर कुठल्याच पुस्तकात वाचलेलं नव्हतं. गाडी उभी असताना घड्याळासारखी चालायची. रस्त्यावर ॲक्सिलरेटर थोडा सोडला-धरला की झटके. नवे पॉइंट, नवा कंडेन्सर, नवी कॉइल, सगळं घालून झालं होतं. चाचांनी कॅप काढली, रोटर काढला, आणि करंगळीच्या नखानं ती प्लेट नुसती पुढे-मागे हलवत राहिले. मग पॉइंटच्या प्लेटपासून डिस्ट्रिब्युटरच्या अंगाला जाणारी एक बोटभर वायर त्यांनी उचलून दाखवली. हीच त्या प्लेटची अर्थिंग. बाहेरचं कापडी वेष्टण अख्खं, आतली तार तुटलेली. उभ्या गाडीत प्लेट स्थिर, म्हणून तारेची टोकं एकमेकांना टेकलेली. रस्त्यावर प्लेट सरकली की टोकं सुटायची. जुन्या टेपरेकॉर्डरच्या मऊ तारेचा तुकडा लावून त्यांनी ती जोडली, कारण कडक तार लावली तर प्लेट अडते. असली माणसं हाताशी असताना कुठला शहाणा पॉइंट काढील?

मी हे सगळं छातीठोकपणे बोलत असे, आणि माझ्या गाडीच्या पॉइंटची फट काही केल्या टिकत नव्हती. आज ०.४० लावावी, थोड्याच दिवसांत गाडी पुन्हा आळसावे. मी त्याला पॉइंटचा स्वभाव म्हणत होतो. जुन्या गाडीचे लाड म्हणून अधूनमधून बॉनेट उघडण्यात मला कमीपणा वाटत नव्हता, खरं तर मजाच वाटत होती. एका ओळखीच्या प्राध्यापकांनी त्यांचा ड्वेल मीटर आणून लावला. पॉइंट फेरीच्या किती अंशांत मिटलेले राहतात ते हे यंत्र दाखवतं. चार कोपऱ्यांच्या कॅमला प्रत्येकी नव्वद अंश वाट्याला येतात, त्यातले साठाच्या आसपास मिटलेले हवेत. आमचा काटा एका जागी ठरेना. वेग वाढवला की तो दारू प्यायल्यासारखा झुलायचा. मग आम्ही इंजिन बंद करून पॉइंट पूर्ण उघडे ठेवले आणि शाफ्टला अंगठ्यानं दाबून फिलर गेज घातला. या बाजूला दाबला तर ०.४०, त्या बाजूला दाबला तर ०.२५. शाफ्ट ज्या बुशमध्ये फिरतो तो बुश झिजून सैल झाला होता. ज्याची सगळी अचूकता मिलिमीटरच्या दहाव्या हिश्शांत, त्याचा आधारच डुलत होता. मी लावत होतो ती फट शाफ्ट त्या क्षणी कुठे कलंडला आहे त्याची होती.

बुश का झिजतो? तेलाअभावी. पॉइंट बदलताना कॅमला ग्रीस सगळे लावतात. रोटर काढल्यावर शाफ्टच्या डोक्यावर दोन थेंब तेल सोडायचं असतं ते कुणाला आठवत नाही. सोडणारेही कधी इतकं सोडतात की तेल पॉइंटवर उडून ते काळेठिक्कर पडतात. मधलं प्रमाण सांगणारी माणसं कमी.

बुशासाठी मी शिवाजी उद्यमनगरात गेलो. लेथची अडचण कोल्हापुरात पडत नाही. इंजिनाच्या भागांपासून ओतकामापर्यंत जे हवं ते त्या गल्ल्यांत होतं. पहिला टर्नर म्हणाला, गनमेटलचा बुश काढून देतो, संध्याकाळी न्या. पण मूळचा बुश गनमेटलचा नसतो. तो धातूची पावडर दाबून भाजलेला असतो, त्याच्या अंगाला अतिशय बारीक छिद्रं असतात आणि त्या छिद्रांत तेल मुरवून ठेवलेलं असतं. वर्षानुवर्षं तो शाफ्टला घामासारखं तेल पुरवतो. बेअरिंगच्या दुकानात जवळच्या मापाचा तसा बुश मिळाला. बाहेरून लेथवर उतरवला. आतून मात्र टूल लावू दिलं नाही, कारण आतून घासलं की छिद्रं बुजतात आणि तो साधा बुश होतो. चोवीस तास इंजिन ऑइलमध्ये बुडवून ठेवला आणि मग दाबून बसवला. एक सूचना कुणाच्या उपयोगी पडेल म्हणून देतो: शाफ्टच्या खालच्या टोकाचा डॉग पिन ठोकून काढावा लागतो, तेव्हा आधी त्याच्यावर आणि शाफ्टवर खूण करा. तो उलटा बसला की रोटर १८० अंश फिरतो आणि तुम्ही अर्धा दिवस प्लगच्या वायरी बदलत बसता.

डिस्ट्रिब्युटर परत चढवला, बारा व्होल्टचा दिवा लावून टायमिंग जुळवलं, ड्वेल मीटर लावला. काटा साठावर गप्प उभा राहिला. खरं तर माझ्या बाजूचा हा मोठा विजय होता. ज्या दोषांसाठी लोक पॉइंट काढतात त्यातले निम्मे पॉइंटचे नसतातच, हे मी माझ्या गाडीवर सिद्ध केलं होतं. दिसेल त्याला मी ही गोष्ट ऐकवत सुटलो.

तरीही पुढे मी पॉइंट काढलेच. त्यामागे तीन कारणं होती, पण तिन्हींचं वजन सारखं नाही.

पहिलं, सुटे भाग. अँबेसिडरचं उत्पादन उत्तरपाड्याच्या कारखान्यात मे २०१४ मध्ये थांबलं, आणि पॉइंटवाली इंजिनं तर त्याच्याही बरीच आधी मागे पडली होती. मारुती ८०० मध्येसुद्धा २००० च्या सुमारास फ्यूएल इंजेक्शन आलं. आता बाजारात जे पॉइंट मिळतात त्यातल्या काहींची टाच महिन्यात बोथट होते, काहींची स्प्रिंग लुळी. कंडेन्सर तर नशिबाचा खेळ. नवा कोरा घातलेला गरम झाला की रडतो. रोटरचं त्याहून वाईट. पितळेची पट्टी ज्या रिव्हेटनं बसवलेली असते तिच्यातून करंट खाली शाफ्टमध्ये पळतो आणि प्लगपर्यंत पोचतच नाही. तपासायची युक्ती सोपी आहे. कॅप काढा, रोटर जागेवर राहू द्या, कॉइलची जाड वायर रोटरच्या पितळेपासून चार-पाच मिलिमीटरवर इन्सुलेटेड पकडीनं धरा आणि दुसऱ्याला पॉइंट उघडझाप करायला सांगा. रोटर चांगला असेल तर ठिणगीला जायला जागाच नाही. ठिणगी पडली तर रोटर फुटका. मी एकदा नवे रोटर विकत घेऊन घरी तपासले, आणि गाडीतला जुना पुन्हा घातला. तेव्हापासून पुण्याच्या जुन्या बाजारात गेलो की आधी गाडीच्या भंगारात वापरलेले रोटर शोधतो.

दुसरं कारण वाचनातून आलं आणि त्यानं माझा थोडा अहंकार उतरवला. मला वाटायचं, इलेक्ट्रॉनिक इग्निशन म्हणजे विकणाऱ्यांचं खूळ. पण अमेरिकेत क्रायसलरनं १९७३ पासून ते आपल्या सगळ्या गाड्यांत दिलं, आणि त्या काळात कंपन्यांच्या मागे धुराचे कायदे लागले होते. गाडी कारखान्यातून निघताना जेवढी नीट जळण जाळते तेवढीच हजारो मैलांनंतरही जाळायला हवी होती. पॉइंटवर ते शक्य नाही, कारण पॉइंट रोज थोडे बदलतात. कितीही चांगला मेकॅनिक ठेवा, तो फट लावून गेला की दुसऱ्या मिनिटापासून टाच झिजायला लागते. 'पॉइंट नीट लावले तर इलेक्ट्रॉनिकइतकेच चांगले' हे माझं लाडकं वाक्य त्या दिवसापुरतंच खरं होतं.

पण या दोन कारणांनी मी हललो नसतो. रोटर मी तपासून घेत होतो आणि फट लावायचा मला कंटाळा नव्हता. तिसरं कारण असं.

माझी मुलगी गाडी घेऊन रत्नागिरीकडे निघाली होती. आंबा घाटात, तिन्हीसांजेला, गाडी मिसिंग करत करत उभी राहिली. तिचा फोन आला. रेंज येत-जात होती. 'बाबा, काय करू?' मी म्हणालो, कॅप काढ. दोन क्लिपा आहेत, बाजूला ओढ. बरं. आता पॉइंट उघडतात का बघ. 'पॉइंट म्हणजे कुठले?' पंधरा वर्षं मी त्या गाडीसमोर उभा राहून पॉइंटचं माहात्म्य सांगत होतो आणि माझ्या घरातल्या माणसाला ते दिसायला कसे असतात हे ठाऊक नव्हतं. मी कधी दाखवले नव्हते. फोन तुटला. शेवटी मागून येणाऱ्या एका टेम्पोवाल्यानं टोचन लावून तिला साखरप्यापर्यंत नेलं. तिथल्या गॅरेजमधला पोरगा हुशार होता, पण त्यानं कॅप उघडून आत बघितलं आणि विचारलं, 'ताई, ह्याला स्कॅनर कुठं लागतो?'

मुलगी चिडली नाही. घरी येऊन तिनं एवढंच विचारलं, 'तुम्ही म्हणता रस्त्यात दुरुस्त होतं. कोण करतं?'

मी आठवून पाहिलं. रस्त्यात दुरुस्त झालेली प्रत्येक वेळ एक तर माझ्या हातची होती, नाहीतर त्या त्या गावातल्या कुठल्या तरी चाचांच्या हातची. चाचा जाऊन काही वर्षं झाली. त्यांच्या मुलानं टपरीच्या जागी मोठं दुकान काढलं आहे. बॅटऱ्या, इन्व्हर्टर, स्कॅनर, एसीचा गॅस. धंदा उत्तम चालतो, माणूस बापासारखाच प्रामाणिक. पॉइंटचं काम घेऊन गेलो तर म्हणतो, 'काका, ते अब्बांचं काम. मला त्यातलं काही येत न्हाई.' त्याला का दोष द्यायचा? पॉइंटवाली गाडी त्याच्या दारात आता क्वचितच येते.

पॉइंट रस्त्यात दुरुस्त होतात हे खरं आहे, पण तो गुण त्या दोन चकत्यांचा नव्हता. दर पाच-दहा किलोमीटरवर एक माणूस बसलेला असायचा ज्याला त्या चकत्या कळायच्या, त्या माणसाच्या जिवावर मी वाद जिंकत होतो. इलेक्ट्रॉनिक डबीला मी सांगत होतो, तू बिघडलीस तर तुला रस्त्यात कोणी दुरुस्त करणार नाही. आता पॉइंटलाही कोणी करणार नव्हतं. मग दोघांत कमी बिघडणारा कोण, एवढाच प्रश्न उरतो. त्याचं उत्तर मला आवडत नसलं तरी माहीत होतं.

डबी बसवायला अर्धा तासही लागला नाही. याचं थोडं वाईट वाटलं. पॉइंट आणि कंडेन्सर काढायचा, त्याच भोकांत डबी बसवायची, चुंबकांची चकती कॅमवर दाबायची, दोन वायरी कॉइलला जोडायच्या. चुंबक समोरून गेलं की डबी करंट तोडते. घासत काहीच नाही, म्हणून झिजत काहीच नाही. त्याआधी कॉइलचा रोध मोजून घ्या. काही गाड्यांना मधे वेगळा रेझिस्टर असतो आणि त्यांची कॉइल दीड ओहमची असते. तसली कॉइल त्या रेझिस्टरशिवाय लावली तर डबीवर ताण येतो. बॅटरी उलटी जोडली तर डबी तिथल्या तिथं संपली. पॉइंटला उलटी बॅटरी भोवली नसती, हे मी मुद्दाम लिहून ठेवतो. इंजिन बंद ठेवून चावी 'ऑन'वर ठेवून गाणी ऐकायची नाहीत, हे घरात सगळ्यांना सांगून झालं आहे.

डबी बसवली म्हणजे डिस्ट्रिब्युटर नवा झाला असं समजणाऱ्यांशी मात्र माझं भांडण चालूच आहे. कॅप तीच, रोटर तोच, वायरी त्याच. जुलैत गगनबावड्याकडे पावसात गाडी नेलीत आणि कॅपमध्ये दमट हवा साचली की ठिणगी प्लगऐवजी कॅपच्या आतल्या अंगावरून पळते. एकदा पळाली की तिथं पेन्सिलीनं ओढल्यासारखी बारीक काळी रेघ उमटते, आणि मग कोरड्या दिवशीही ती त्याच वाटेनं जाते. ब्लेडनं खरवडून एखादा प्रवास निभतो, पुढे कॅप बदलावीच लागते. कुठे गळतंय ते बघायचं असेल तर अमावस्येच्या सुमाराला अंगणातला दिवा बंद करून बॉनेट उघडा आणि इंजिन चालू करा. वायरींच्या अंगावर आणि कॅपच्या कडेला निळ्या जांभळ्या ठिणग्या काजव्यांसारख्या पळताना दिसल्या तर वायरी बदलायची वेळ झाली. आमची दुरुस्ती होईपर्यंत शेजारची मुलं ते बघायला यायची.

शिवाय बुश सैल असेल तर डबीसुद्धा तो दोष झाकते, घालवत नाही. चुंबकाला फटीचं सोयरसुतक नसतं म्हणून गाडी बरी चालते आणि मालक खूश. शाफ्ट आत डुलतच असतो आणि एक दिवस रोटर कॅपच्या पितळेला घासतो. व्हॅक्यूमचा पडदा फाटका असेल तर फाटकाच राहतो. आधी बुश, मग पडदा, मग अर्थिंगची ती बोटभर वायर, आणि सगळ्यात शेवटी डबी, असा क्रम मी विचारणाऱ्याला सांगतो. बहुतेक जण शेवटून सुरू करतात.

जुने पॉइंट, फट लावून, प्लेटसकट एका पत्र्याच्या डबीत घालून मी डिकीत ठेवले आहेत. मुलीला दोनदा बदलायला लावले. दुसऱ्या वेळी तिनं मला न विचारता केलं, फक्त कंडेन्सरचा स्क्रू इंजिनाखाली पडला आणि तो शोधण्यात आमचा बराच वेळ गेला.

सध्या माझं लक्ष त्याच्याही खाली गेलं आहे. पॉइंटच्या प्लेटखाली दोन वजनं असतात. वेग वाढला की ती बाहेर फेकली जातात आणि टायमिंग पुढे नेतात. त्यांना आवरणाऱ्या दोन छोट्या स्प्रिंगा असतात, एक पातळ, एक जाड. त्या स्प्रिंगांचा जोर ठरवला गेला तेव्हाचं पेट्रोल आजच्यापेक्षा कमी ऑक्टेनचं होतं आणि त्यात इथेनॉल नव्हतं. आता पंपावर वीस टक्के इथेनॉल मिसळलेलं मिळतं. म्हणजे गाडीला थोडं जास्त ॲडव्हान्स चालावं. चाचांची कसोटी होती की टॉप गिअरला चढावर गाडी दाबावी आणि क्षणभर बारीक टिकटिक येऊन लगेच थांबावी. माझ्या गाडीत ती आता येतच नाही. पातळ स्प्रिंग बदलून बघावी असं मनात आहे. ओसरीवर चहा देणारे ते गृहस्थ म्हणतात, उगाच हात लावू नका, चांगलं चाललंय. तसं चाललंय खरं. पण उद्यमनगरातला एक स्प्रिंगवाला तीन नमुने वळून द्यायला तयार झाला आहे.